जामिनाचा हुकूम आणि गावची वेस

खटल्याचा निकाल परभणीस लागतो; परंतु गावाच्या लेखी तो कित्येक वर्षे आधीच, ज्या संध्याकाळी आरोपी जामिनावर सुटून वेशीतून आत येतो त्या संध्याकाळी, लागून गेलेला असतो. जामीन म्हणजे निर्दोष सुटका नव्हे, खटला चालून संपेपर्यंत आरोपीस काही अटींवर बाहेर राहू देण्याची ती एक तजवीज आहे, ही गोष्ट वकिलांस ठाऊक असते आणि न्यायाधीशांस तर असतेच असते. पण सेलू तालुक्यातील वालूरसारख्या जुन्या, बारवांच्या गावात, जेथे फिर्यादीच्या घरापासून आरोपीचे घर फार तर दोन गल्ल्यांवर असते आणि एका घरातील माणसे दुसऱ्या घराच्या शिवारात रोजाने जात असतात, तेथे हा सूक्ष्म भेद कोणी ध्यानात घेत बसत नाही. ‘सुटला’ एवढेच बोलले जाते, आणि त्या दिवसापासून साक्षीदारांच्या आठवणी अंधुक होऊ लागतात.

दलित, आदिवासी आणि भटक्या-विमुक्त समाजांतील स्त्रियांवरील गंभीर लैंगिक अत्याचारांच्या खटल्यांत जामिनाचे निर्णय कोणत्या तत्त्वांनी होतात, कायद्याने त्यांस कोणते बंध घातले आहेत, आणि ते बंध गावापर्यंत पोहोचतात की नाही, याचा आढावा येथे घ्यावयाचा आहे. वालूरमधील कोणत्याही विशिष्ट घटनेकडे प्रस्तुत लेखकाचा निर्देश नाही. गाव निवडले ते न्यायदानाच्या नकाशावरील त्याच्या स्थानामुळे. सप्टेंबर १९४८ पर्यंत हा मुलूख निजामाच्या अमलाखाली होता आणि कोर्टकचेरीची भाषा उर्दू होती. भारतीय दंड संहिता व फौजदारी प्रक्रियेचा कायदा येथे लागू झाला तो १९५१ साली. मराठवाडा मुंबई राज्यात आला १९५६ साली. आणि उच्च न्यायालयाचे खंडपीठ औरंगाबादेस बसू लागले ते २७ ऑगस्ट १९८१ पासून. आजही वालूरच्या फिर्यादीला तालुक्याचे ठाणे, परभणीचे विशेष न्यायालय आणि औरंगाबादचे खंडपीठ अशा तीन पायऱ्या चढाव्या लागतात, आणि तिसरी पायरी गाठायची तर रोजगार बुडवून सेलूच्या स्टेशनावरून गाडी धरावी लागते.

प्रथम एक सार्वत्रिक गैरसमज दूर केला पाहिजे. ‘ॲट्रॉसिटीत जामीनच होत नाही’ असे पारावर ठामपणे सांगितले जाते. सांगणारे दोन्ही बाजूंचे असतात, एक दिलासा म्हणून सांगतो, दुसरा तक्रार म्हणून. वस्तुस्थिती निराळी आहे. अनुसूचित जाती व अनुसूचित जमाती अत्याचार प्रतिबंधक कायदा १९८९ साली झाला व ३० जानेवारी १९९० पासून अमलात आला. त्याच्या कलम १८ने बंदी घातली ती अटकपूर्व जामिनावर. एकदा आरोपीस अटक झाली की पुढचा नियमित जामीन हा सामान्य कायद्याच्या सामान्य कसोट्यांवरच ठरतो. बलात्काराचे कलम आणि या कायद्याचे कलम एकत्र लागले तरीही नियमित जामिनास वेगळा मज्जाव नाही. म्हणजे कायद्याने जे कवच दिले आहे ते अटक होईपर्यंतचे आहे. फिर्याद दिल्यानंतरचे पहिले काही दिवस, ज्या दिवसांत फिर्यादीचे मन वळविण्याचे अथवा मोडण्याचे सारे प्रयत्न होतात, त्या दिवसांत आरोपी मोकळा राहू नये, एवढाच त्या कलमाचा मर्यादित आणि अत्यंत शहाणा हेतू होय.

या कलमावर सर्वांत मोठा आघात झाला तोही महाराष्ट्रातीलच एका प्रकरणातून. कऱ्हाडच्या शासकीय औषधनिर्माण महाविद्यालयातील एका कर्मचाऱ्याच्या तक्रारीवरून उद्भवलेल्या सुभाष काशिनाथ महाजन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २० मार्च २०१८ रोजी निकाल देऊन, प्रथमदर्शनी गुन्हा दिसत नसेल तेथे अटकपूर्व जामिनाची वाट मोकळी केली आणि गुन्हा नोंदण्यापूर्वी प्राथमिक चौकशीची वाटही घालून दिली. देशभर क्षोभ झाला, संसदेने त्याच वर्षी कलम १८अ घालून कायदा पूर्वपदावर आणला, १ ऑक्टोबर २०१९ रोजी न्यायालयानेच आपले आधीचे निर्देश मागे घेतले, आणि १० फेब्रुवारी २०२० रोजी नव्या कलमाची वैधता मान्य झाली. तथापि एक फट उरली आणि ती उरणे अपरिहार्यच होते: फिर्यादीतील मजकुरावरून या कायद्याखालील गुन्हा दिसतच नसेल, तर बंदी लागू होत नाही. प्रश्न एवढाच की, ते ‘दिसणे’ किती बारकाईने तपासायचे? विलास पांडुरंग पवार या, महाराष्ट्रातूनच गेलेल्या प्रकरणात २०१२ साली सांगितले गेले होते की, या टप्प्यावर पुराव्याची चिकित्सा करू नये. तरीही ती होत राहिली. धाराशिव जिल्ह्यातील परंड्याकडील एका प्रकरणात, विधानसभा निवडणुकीतील मतदानाच्या रागातून मातंग समाजातील एका कुटुंबावर हल्ला झाल्याची फिर्याद होती आणि घरातील स्त्रियांच्या विनयभंगाचा आरोपही तीत होता. सत्र न्यायालयाने अटकपूर्व जामीन नाकारला, औरंगाबाद खंडपीठाने तो दिला, आणि १ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द करताना, अशा टप्प्यावर छोटा खटलाच चालवून पाहण्याची प्रवृत्ती बरी नव्हे, अशा आशयाची समज दिली. मराठवाड्यातील वकिलांनी तो निकाल मुखोद्गत करावा अशा योग्यतेचा आहे.

‘जातीवरून’ गुन्हा झाला की नाही, हा वाद बलात्काराच्या प्रकरणांत फार काळ आरोपींच्या पथ्यावर पडला. जुन्या कायद्यात, पीडिता अमुक जातीची आहे ‘या कारणावरून’ गुन्हा घडला असे सिद्ध करावे लागे. त्यामुळे बलात्कार वासनेतून झाला, जातीतून नव्हे, असा युक्तिवाद जामिनाच्या अर्जातच येई. २९ सप्टेंबर २००६च्या खैरलांजी हत्याकांडातसुद्धा ना भंडाऱ्याच्या न्यायालयाने जातीचा हेतू मान्य केला, ना २०१० साली नागपूर खंडपीठाने. २०१६ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने हा पेच बराचसा सोडविला आहे: पीडिता अनुसूचित जातीची किंवा जमातीची आहे हे आरोपीस ठाऊक असणे आता पुरेसे आहे, आणि आरोपीचा त्या कुटुंबाशी परिचय असेल तर ते त्यास ठाऊक होते असे न्यायालयाने गृहीत धरावे, असेही कायदा सांगतो. वालूरसारख्या गावात कोणाची जात कोणास ठाऊक नाही असे म्हणणारा मनुष्य भेटला तर त्याचा जाहीर सत्कारच करावा लागेल.

आता मुख्य मुद्द्याकडे, म्हणजे नियमित जामिनाकडे, वळू. त्याच्या कसोट्या अनेक निकालांतून स्थिरावलेल्या आहेत: प्रथमदर्शनी पुरावा काय आहे, गुन्हा किती गंभीर आहे, आरोपी पळून जाण्याची शक्यता किती, तो साक्षीदारांवर दडपण आणील काय, त्याची सामाजिक स्थिती काय. यांपैकी पळून जाण्याच्या कसोटीचे उत्तर जामिनाच्या अर्जात ठरावीक शब्दांत दिलेले असते: अर्जदार गावचा कायमचा रहिवासी आहे, त्याची शेती आहे, घर आहे, बायकामुले आहेत, समाजात त्याची मुळे खोल रुजलेली आहेत. न्यायालय हे मान्य करते, कारण ते खरेच असते. परंतु ज्या शेतीमुळे तो पळणार नाही अशी खात्री वाटते त्याच शेतीत फिर्यादीची आई खुरपायला जाते. ज्या प्रतिष्ठेवर विसंबून हमीदार मिळतो त्याच प्रतिष्ठेपुढे पोलीस पाटील आणि पंच गप्प बसतात. मुळांची खोली ही एकाच वेळी न पळण्याची हमी आणि दडपणाचे साधन असते, आणि आपले जामिनाचे शास्त्र तिची पहिली बाजू मोजते, दुसरी फारशी मोजत नाही. या विषयाचा सारा गुंता, माझ्या मते, येथे आहे.

त्याच मापाची दुसरी टोकाची चूक वंचितांतील आरोपींच्या वाट्याला येते. १९७८ साली मोती राम या गवंडीकाम करणाऱ्या इसमाकडून दहा हजारांचा जामीनदार मागितला गेला आणि दुसऱ्या जिल्ह्यातील भावाची हमी नाकारली गेली, तेव्हा न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्या हुकुमाची चांगलीच हजेरी घेतली. पण आजही ज्याच्या नावे सातबारा नाही, ज्याचे पाल ऋतूगणिक हलते, अशा पारध्यास किंवा वडारास जामीन मंजूर होऊनही जामीनदार न मिळाल्याने कोठडीतच दिवस काढावे लागतात. कोठडी ही काय चीज आहे हे परभणी जिल्ह्यास कोणी शिकवावयास नको: डिसेंबर २०२४ मध्ये संविधानाच्या प्रतिकृतीच्या विटंबनेनंतर उसळलेल्या दंगलीत पकडला गेलेला वडार समाजातील कायद्याचा एक विद्यार्थी १५ डिसेंबर रोजी न्यायालयीन कोठडीत असताना मरण पावला, आणि त्या मृत्यूची फिर्याद नोंदवून घेण्यासाठी उच्च न्यायालयास हुकूम द्यावा लागला. म्हणून ‘बलात्काराच्या आरोपीस जामीन देऊच नये’ अशी सरसकट मागणी मोर्च्यात शोभली तरी विचारात टिकत नाही. कोपर्डीतील मुलीच्या बलात्कार-हत्येनंतर २०१६ साली निघालेल्या प्रचंड मराठा मोर्च्यांत एकीकडे कठोर शिक्षेची आणि दुसरीकडे अत्याचार प्रतिबंधक कायदा शिथिल करण्याची मागणी एकाच फलकावर आली होती, यावरून कठोरपणाचा आग्रहही कोणाविरुद्ध धरला जातो हे पाहावे लागते, इतके कळावयास हरकत नाही.

जामिनाच्या सुनावणीत फिर्यादीस बोलू द्यावे, ही सुधारणा मात्र निखालस हिताची होय. अत्याचार प्रतिबंधक कायद्यातील २०१६ पासूनच्या कलम १५अ नुसार पीडितेस प्रत्येक सुनावणीची, जामिनाच्या सुनावणीचीसुद्धा, वेळेवर व अचूक सूचना मिळण्याचा आणि तेथे आपले म्हणणे मांडण्याचा हक्क आहे. २९ ऑक्टोबर २०२१ रोजी राजस्थानातील हरिराम भांभी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हा हक्क केवळ शोभेचा नसून बंधनकारक असल्याचे सांगितले आणि सूचना न देता दिलेला जामीन रद्द केला. पुढे १८ एप्रिल २०२२ रोजी लखीमपूर खेरीच्या प्रकरणात, जात कोणतीही असो, पीडितास प्रत्येक टप्प्यावर ऐकून घेतले पाहिजे असे तत्त्व सांगितले गेले. कलम १५अ अन्वये सर्व कामकाजाचे चित्रमुद्रणही व्हावयाचे असते. मुंबईतील एका रुग्णालयात तडवी भिल्ल समाजातील एका तरुण डॉक्टर स्त्रीने मे २०१९ मध्ये जीव दिल्यानंतर जे प्रकरण उभे राहिले, त्यात हा प्रश्न ऐरणीवर आला, आणि डिसेंबर २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने जामिनाची सुनावणीही त्या ‘कामकाजात’ मोडते असा निर्वाळा दिला.

कागदावर यापेक्षा अधिक मागण्यासारखे फारसे उरत नाही. पण ही सूचना वालूरसारख्या गावात पोहोचते कशी? आरोपीच्या वकिलाने अर्जाची प्रत सरकारी वकिलास द्यावयाची, सरकारी वकिलाने ठाण्यास कळवावयाचे, ठाण्यातील शिपायाने फिर्यादीच्या घरी जाऊन सूचना बजावून सही घ्यावयाची. सुनावणी उद्या असते आणि सही आज रात्री घेतली जाते. किंवा घराला कुलूप असते. दसरा-दिवाळीच्या सुमारास मुकादमाकडून उचल घेतलेली कुटुंबे कोयते घेऊन पश्चिम महाराष्ट्राच्या वा कर्नाटकाच्या कारखान्यांकडे निघतात ती उन्हाळ्याच्या तोंडावर परततात. ज्यांनी बोलावे म्हणून कायद्याने एवढी व्यवस्था केली, ती माणसे त्या वेळी एखाद्या फडात मोळ्या बांधत असतात. ‘घर बंद आढळले’ असा शेरा मारलेली सूचना ही योग्य सूचना मानावयाची की नाही, यावर जामिनाचे भवितव्य लोंबकळत राहते. कायदा प्रवासखर्च व निर्वाहखर्च देऊ करतो हे खरे. परंतु तो मागावयाचा असतो हेही त्या कुटुंबास कोणी तरी सांगावे लागते, आणि औरंगाबादच्या अपिलात तर स्वतंत्र वकील नसला की फिर्यादीची उपस्थिती ही केवळ नोंदीपुरती राहते.

मंजुरीच्या हुकुमांत कारणे कोणती दिली जातात, याकडे पाहिले की आपण तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातील देसाईगंजच्या ठाण्यापासून किती पुढे आलो आहोत याचा हिशेब लागतो. त्या ठाण्यात २६ मार्च १९७२ रोजी एका आदिवासी मुलीवर पोलिसांनी केलेल्या अत्याचाराचे प्रकरण सत्र न्यायालयात फेटाळले गेले, नागपूर खंडपीठाने १९७६ साली शिक्षा दिली, आणि १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने अंगावर जखमा नाहीत, प्रतिकार दिसत नाही, अशा कारणांवरून आरोपींस सोडले. उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धागमवार व रघुनाथ केळकर या कायद्याच्या चार अध्यापकांनी सप्टेंबर १९७९ मध्ये सरन्यायाधीशांस खुले पत्र लिहिले, देशभर चळवळ झाली, आणि १९८३ साली कायदा बदलला. आज अंतिम निकालांत ती भाषा पुष्कळच ओसरली आहे. पण जामिनाचे हुकूम घाईत लिहिले जातात, त्यांवर टीकाकारांची नजर क्वचित पडते, आणि जुने पूर्वग्रह तेथे आश्रयास येऊन राहतात. २०२० साली कर्नाटकातील एका अटकपूर्व जामिनाच्या हुकुमात, घटनेनंतर स्त्री झोपी गेली हे भारतीय स्त्रीस शोभत नाही, असे लिहिले गेले व पुढे ते वाक्य काढून टाकावे लागले; मार्च २०२५ मध्ये अलाहाबादेस, मुलीने संकट स्वतःच ओढवून घेतले, असे म्हणून जामीन झाला. फिर्यादीस झालेला विलंब हे तर सर्वांत आवडते कारण. मालकाच्या शेतावरील मजुरी, बैठकीतला समझोता, ठाण्यात आधी घेतली गेलेली साधी अदखलपात्र नोंद, या सगळ्यांतून वाट काढीत जी फिर्याद आठ दिवसांनी पोहोचते, तिला ‘विचारपूर्वक रचलेली’ म्हणणे सोपे असते. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावले आहे की, बलात्कारासारख्या गुन्ह्यांत खटला सुरू झाल्यावर पीडितेच्या जबाबातील विसंगतीच्या आधारे जामीन देण्याचा मोह न्यायालयांनी टाळावा. साक्ष उलटतपासणीत तावून निघण्यापूर्वीच तिचे मोल ठरविणे हा अन्याय होय, यात संशय नाही.

जळगावच्या एका प्रकरणाचा उल्लेख येथे टाळता येत नाही. शाळकरी मुलीवरील वारंवार अत्याचाराच्या आरोपात सत्र न्यायालयाने अटकपूर्व जामीन दिला, तो औरंगाबाद खंडपीठाने ५ फेब्रुवारी २०२१ रोजी, कडक शब्दांत ताशेरे ओढून, रद्द केला. मुलगी सज्ञान झाल्यावर लग्न लावून देऊ, असा पाचशे रुपयांच्या मुद्रांकावरील लेख त्या प्रकरणाच्या कागदपत्रांत होता. १ मार्च रोजी सर्वोच्च न्यायालयात आरोपीस ‘लग्न करणार काय’ असे विचारले गेल्याचे वृत्त आले व गदारोळ झाला. तो प्रश्न कागदपत्रांतील त्या लेखावरून विचारला होता, असा खुलासा सरन्यायाधीशांनी पुढे केला. खुलासा मान्य करूनही तो मुद्रांक डोळ्यांपुढून हलत नाही, कारण गरिबाघरच्या मुलीच्या बाबतीत गावकीची पहिली तजवीज हीच असते. योगायोग असा की, त्याच महिन्याच्या १८ तारखेस, मध्य प्रदेशात आरोपीने पीडितेकडून राखी बांधून घ्यावी अशी अट घालणारा जामिनाचा हुकूम सर्वोच्च न्यायालयाने रद्दबातल केला आणि सांगितले की, जामिनाच्या अटींनी आरोपी व फिर्यादी यांचा संपर्क घडवू नये, तडजोड वा लग्न सुचवू नये, आणि जामीन झाल्यास हुकुमाची प्रत दोन दिवसांत फिर्यादीस पोहोचवावी.

मुदत टळल्यामुळे मिळणाऱ्या जामिनाविषयी थोडेच सांगतो. दहा वर्षे वा अधिक शिक्षेच्या गुन्ह्यात नव्वद दिवसांत दोषारोपपत्र दाखल झाले नाही, तर आरोपीस सुटण्याचा हक्कच प्राप्त होतो, आणि तेथे फिर्यादीच्या म्हणण्यास काही वाव उरत नाही. अत्याचार प्रतिबंधक कायद्याने साठ दिवसांची मुदत घातली आहे आणि तपास उपअधीक्षकानेच करावा असा नियम आहे. अधिकारी एक, तालुके अनेक, आणि जातीचा दाखला व प्रयोगशाळेचा अहवाल वाटेत अडकलेला, अशा स्थितीत मुदती कशा टळतात हे वेगळे सांगावयास नको.

माझे म्हणणे असे की, जामिनाच्या हुकुमातील निर्णायक ओळ मंजुरीची किंवा नामंजुरीची नसून आरोपीने राहावे कोठे, ही असावी. ‘साक्षीदारांवर दडपण आणू नये’ हे वाक्य प्रत्येक हुकुमात असते आणि त्याने आजवर कोणतेही दडपण थांबल्याचे ऐकिवात नाही. याउलट, फिर्यादीची साक्ष नोंदली जाईपर्यंत आरोपीने तालुक्यात पाऊल ठेवू नये, ही अट मुंबई उच्च न्यायालयाच्या पुष्कळ हुकुमांत आढळते, आणि तिची अंमलबजावणी गावातील शेंबडे पोरही पाहू शकते. मुळे खोल आहेत म्हणून सुटका द्यावयाची असेल, तर त्या मुळांपासून काही काळ दूर राहणे हीच सुटकेची किंमत असावी. शिवाय, फिर्यादीच्या कुटुंबास शेतावरून काढणे, दळण वा किराणा बंद करणे, हा सामाजिक-आर्थिक बहिष्कार स्वतःच या कायद्याखाली गुन्हा आहे; तसे घडल्यास जामीन रद्द होईल असे हुकुमात स्पष्ट लिहिले, तर आरोपीच्या भावकीसही ते वाचता येईल. आणि साक्ष लवकर नोंदली गेली, तर आरोपीस बाहेर ठेवण्याची मुदतही आपोआप आखूड होईल. दोघांचेही हित त्यात आहे.

एका मोठ्या वर्गास मात्र या साऱ्या रचनेचा लाभ नाही, आणि परभणी जिल्ह्यात तो वर्ग तांड्या-तांड्यांतून पसरला आहे. बंजारा, वडार, कैकाडी हे समाज मराठवाड्यात विमुक्त जातींत मोडतात. अनुसूचित जाती-जमातींत नव्हे. गुन्हेगार जमातींचा कायदा १९५२ साली गेला, पण अत्याचार प्रतिबंधक कायद्याचे छत्र त्यांच्यावर आले नाही. फौजदारी प्रक्रियेच्या नव्या संहितेने सोळा वर्षांखालील मुलीवरील बलात्कारात व अल्पवयीन मुलीवरील सामूहिक बलात्कारात अटकपूर्व जामिनास बंदी घातली आहे आणि जामिनाच्या सुनावणीस फिर्यादीची उपस्थिती आवश्यक केली आहे, ती जात न पाहता. परंतु तांड्यावरील सज्ञान स्त्रीस ना कलम १८चे कवच, ना कलम १५अ ची सूचना. विलक्षण गोष्ट अशी की, निजामाच्या त्याच राज्याचा जो भाग पुढे तेलंगणात गेला तेथील लंबाडा समाज १९७६च्या कायद्याने अनुसूचित जमातींत आला, आणि म्हणून आदिलाबादेकडील लंबाडा स्त्रीस जे संरक्षण आहे ते सेलू-जिंतूरकडील तिच्या बहिणीस नाही, जरी त्यांच्या आज्या एकाच सरकारच्या रयत होत्या. सप्टेंबर २०२५ मध्ये हैदराबादच्या जुन्या गॅझेटियरचा दाखला देऊन बंजारा समाजाने अनुसूचित जमातीत समावेशाची मागणी पुन्हा जोराने मांडली, तिला आदिवासी संघटनांनी विरोध केला, आणि चर्चा नोकऱ्या व जागा यांच्याभोवती फिरत राहिली. त्या मागणीचा निकाल कसाही लागो. लैंगिक गुन्ह्यातील सज्ञान फिर्यादीस जामिनाच्या सुनावणीची सूचना देण्यासाठी जातीच्या यादीत फेरफार करावा लागत नाही, राज्य सरकारच्या एका परिपत्रकाने आणि सत्र न्यायालयांच्या रोजच्या वहिवाटीने ते उद्यापासून करता येण्याजोगे आहे.